भावाशिवायची फिल्म

आई,

आपल्या रोह्याच्या स्वयंपाकघरात आता तू ओळखणार नाहीस अशा बऱ्याच गोष्टी आहेत. मोरी काढून टाकली, ओट्यावर काळा ग्रॅनाइट आला, आणि ज्या भिंतीला टेकून तू तांदूळ निवडायचीस तिथे फ्रीज उभा आहे. खिडकी मात्र तीच. दुपारी जेवणं झाली की तिच्यातून येणारा उजेड अजूनही फरशीवरून सरकत समोरच्या भिंतीवर चढतो. मी त्याच उजेडात कॅमेरा लावला होता आणि त्याच उजेडात तुझ्या मुलाला समोर बसवलं होतं. पुढचं सगळं तिथून सुरू झालं. तुला जाऊन आता इतकी वर्षं झाली की तुझा आवाज आठवायला मला थोडं थांबावं लागतं. तरीही हे सांगावं असा दुसरा माणूस मला सापडत नाही.

मी नक्की काय काम करते हे तुला शेवटपर्यंत नीटसं कळलं नव्हतं. आळीतल्या बायका तुला विचारायच्या, "पोरगी सिनेमात हाय ना? मग दिसत कशी नाय?" आणि तू म्हणायचीस, "ती आतल्या बाजूला असते." एकदा मी तुला समजावून सांगितलं, की हे लोक खूप काहीबाही शूट करून आणतात, त्यातलं नको ते मी काढून टाकते आणि उरलेलं जोडते, असं जोडते की जोड दिसू नये. त्या वेळी आपण पेणला मामाकडे होतो. गणपतीच्या आधीचे महिने तू माहेरी कारखान्यात कामाला जायचीस, आणि सुट्टी असली की मीही यायचे. साच्यातून निघालेल्या मूर्तीचा सांधा तुझ्या पुढ्यात होता, हातात घासकागद, आणि केसांपासून नाकापर्यंत तू पांढरी झाली होतीस. तू मान वर न करता म्हणालीस, "मंजे घासायचंच काम." मी हो म्हटलं. त्यानंतर तू कुणालाही माझ्याबद्दल बोलताना कधी लाजली नाहीस.

मी मुंबईला निघाले तेव्हा तू मला स्वेटर दिलास. पेणच्या बाजारात थंडीत स्वेटरवाले बसायचे, त्यांच्याकडून आणलेला, तपकिरी, बटणांचा, उघडउघड पुरुषाचा. मी म्हटलं, मुंबईत स्वेटर घालून फिरू का मी? तू म्हणालीस, "तुझ्या त्या खोलीत मशिनींना थंड लागतं बोललीस ना? मशिनींना लागतं ते तुला बाधंल." तू बरोबर होतीस. एडिटच्या खोलीत खिडकी नसते, एसी बंद करायची परवानगी नसते. मी असिस्टंट होते तेव्हा कॅसेटींवर लेबलं चिकटवायचे, चहा आणायचे, आणि मोठ्या एडिटरच्या मागे खुर्ची टाकून तो स्वेटर घालून बसायचे. सगळे मला वॉचमन म्हणायचे. मग तो एडिटर एका सीरियलला आलाच नाही आणि निर्माता म्हणाला, ही मागे बसलेली आहे ना, तिला बसवा. असं माझं सुरू झालं. त्यात कौतुक करण्यासारखं काही नाही.

तू एकदाच आलीस तिथे, आठवतंय? गुडघे दाखवायला मुंबईला आली होतीस आणि मला सुट्टी मिळाली नव्हती, म्हणून तुलाच खोलीत बसवून घेतलं. पडद्यावर एक सून रडत होती. रोजच्या सीरियलमध्ये रोज कुणीतरी रडतं. मी ते रडणं पुढेमागे फिरवत होते. अश्रू गालावर कुठवर आल्यावर सासूचा चेहरा दाखवायचा ते मला ठरत नव्हतं. पुन्हा मागे, पुन्हा पुढे. तू मांडीवर पर्स धरून बसली होतीस. मग एकदम म्हणालीस, "अगो, पुरे कर ना. किती वेळा रडवशील तिला?" खोलीतले सगळे हसले. मीही हसले. तू हसली नाहीस. रागावली होतीस तू, खरोखरची. परत जाताना मी म्हटलं, आई, ती नटी आहे, ती केव्हाच घरी जाऊन जेवली असेल. तू म्हणालीस, "ती जेवली असंल. तू तर इथंच हायस ना?"

त्यानंतरचं तुला माहीत नाही. तू अलिबागच्या दवाखान्यात गेलीस तेव्हा मी सीरियलच कापत होते. मग सिनेमे मिळाले, मराठी, दोन हिंदीही. लोक म्हणायला लागले की पडलेला सिनेमा हिच्याकडे द्या, ही उभा करून देते. वीसेक वर्षं मी दुसऱ्यांचे पडलेले सिनेमे उभे केले, आणि कधीतरी मला वाटायला लागलं की आपणच का नाही? मग मीच लिहिलं, मीच दिग्दर्शन केलं, कुणी निर्माता मिळेना म्हणून तेही मीच झाले. तो सिनेमा पेणला लागला होता, सकाळच्या खेळाला. मी आणि तुझा मुलगा बघायला गेलो. आमच्यापुढे कॉलेजची एक जोडी बसली होती आणि ती पडद्याकडे बघत नव्हती. मध्यंतरात हा मला म्हणाला, "ताई, मस्त झालाय." पुढच्या शुक्रवारी तिथे दुसरं पोस्टर होतं.

मग कामं आटली. आता मुलं घरी बसून लॅपटॉपवर एडिट करतात, आणि चांगलं करतात, मी खोटं बोलणार नाही. फोन येणं कमी झालं, मग थांबलंच. मुंबईची जागा मी सोडली आणि भावाला सांगितलं की थोडे दिवस रोह्याला येते, काहीतरी लिहायचंय. वहिनीने काही विचारलं नाही. तुझी खोली झाडून दिली.

मी आले आणि महिन्याभरात भावाच्या केमिकल कंपनीत स्फोट झाला. आवाज आपल्या घरापर्यंत आला. भांड्यांच्या मांडणीवरचे पेले हलले. तुझा मुलगा तेव्हा घरात होता. नवीन शर्ट घालून, पाहुण्यांना पोहे देत होता. त्याच्या मुलीला बघायला लोक आले होते म्हणून त्याने त्या दिवशी शिफ्ट बदलून घेतली होती. त्याच्या जागी त्याचा जोडीदार गेला होता, कोलाडकडचा, जो त्याच्याबरोबर इतकी वर्षं एकाच डब्यातून जेवला. तुझा मुलगा पोह्यांची बशी हातात घेऊन दारात उभा राहिला आणि धूर कुठल्या बाजूला आहे ते बघून म्हणाला, "आमचाच प्लांट." मग चप्पल न घालता धावत गेला. जोडीदार सापडला तेव्हा त्याला ओळखलं ते त्याच्या कमरेच्या पट्ट्यावरून. ओळखायला याला नेलं होतं.

त्यानंतर हा बोलायचाच बंद झाला. कामावर जायचा, यायचा, टीव्ही लावून बसायचा. चौकशी झाली आणि ऑपरेटरच्या हातून चूक झाली असं ठरलं. म्हणजे मेलेल्याच्या हातून. ते वहिनीने मला पेपरातून वाचून दाखवलं तेव्हा हा उठून मागच्या अंगणात गेला आणि उगाच नळाखाली हात धूत राहिला. दुसऱ्या दिवशी त्याला सुट्टी होती. मी कॅमेरा काढला. आई, मी तेव्हा फिल्म करायची असं ठरवलं नव्हतं, हे तू मानशील का मला माहीत नाही. मला वाटलं, समोर माणूस नसेल, यंत्र असेल तर हा बोलेल. आणि तो बोलला. खिडकीकडे बघत म्हणाला, "त्या दिवशी माझी शिफ्ट व्हती." मग सगळं आलं. व्हॉल्व्ह अडकत होता, हे याने साहेबांना आठवडाभर आधी सांगितलं होतं, जोडीदारानेही सांगितलं होतं, साहेब म्हणाले होते की ही ऑर्डर जाऊ दे, मग बंद करून बघू. "त्याची चूक नाय, ताई. त्याची काय सुदिक चूक नाय. तो तर माझ्या जाग्यावर उभा व्हता." एवढं बोलून तो रडला. आपला बाप गेला तेव्हा रडला नव्हता तो. मी कॅमेरा बंद केला नाही.

जोडीदाराच्या बायकोकडे मी गेले तेव्हा ती अंगणात वाल सुकवत होती. मी तिला दुःखाबद्दल काही विचारलं तर तिने ते उडवून लावलं. "रडतेय मी, ते काय दाखवायचं? ह्यांची चूक नव्हती, एवढं कोणीतरी मोठ्यानं बोलायला पायजे. माझी पोरं शाळेत जातात, त्यांना बोलतात, तुझ्या बापानं प्लांट उडवला." मी तिला सांगितलं की माझ्या भावाने ते बोलून ठेवलंय. ती हातातलं सूप खाली ठेवून माझ्याकडे बघत राहिली. "भावोजी बोलले? कॅमेऱ्यात बोलले?" मग आत गेली, तोंड धुऊन, साडी बदलून आली आणि म्हणाली, "मंग मी पण बोलते. विचारा काय ते."

त्या हिवाळ्यात मी काम केलं तसं आयुष्यात केलं नाही. पहिला कट, म्हणजे जोडून झालेली पहिली फिल्म, मी मुंबईतल्या दोन जाणत्या माणसांना दाखवला आणि बघून झाल्यावर दोघांनी तो पुन्हा पहिल्यापासून लावायला सांगितला. परदेशातल्या एका मोठ्या फिल्म महोत्सवाने पाठवा म्हणून कळवलं. मला पन्नाशी उलटल्यावर पहिल्यांदा वाटलं की मी जिला आयुष्यभर शोधत होते ती ही फिल्म आहे. आणि तिच्या मधोमध तुझा मुलगा बसलेला होता.

मग कंपनीत त्याला बोलावलं. कुणी सांगितलं कळलं नाही. ओरडले नाहीत, चहा दिला, मुलीच्या लग्नाचं कुठवर आलं विचारलं आणि म्हणाले, तुमची बहीण फिल्म करते असं ऐकलं. बस एवढंच. त्या संध्याकाळी तो मला मोटरसायकलवर बसवून कोलाडला घेऊन गेला, हायवेवरच्या एका हॉटेलात. घरी बोलायचं नव्हतं त्याला. वडे मागवले आणि दोघांनी खाल्ले नाहीत.

"ताई, मला काढ," तो म्हणाला.

मी म्हटलं, कशातून?

"फिल्ममधनं. मला काढ त्यातनं."

मी सांगितलं की चेहरा झाकते, नुसता आवाज ठेवते, आवाजही बदलता येतो. तो हसल्यासारखं करून म्हणाला, "मी काय बोलतोय ते बदलता येतं का? व्हॉल्व्हचं मला नि त्यालाच म्हाईत. तो तर गेला. मग कोण बोलतंय ते त्यांना कळणार नाय?" मी म्हटलं, मग त्याच्या बायकोला काय सांगू? त्याने वड्यांची बशी बाजूला सारली. ट्रक जात होते. नंतर तो म्हणाला, आणि हे त्याने रागाने म्हटलं नाही, अगदी समजुतीने म्हटलं, "तुला कोणाला विचारायला लागत नाय ना? डायरेक्टर तू, प्रोड्युसर तू, कापणारी पण तूच. मग काढ. माझ्या पोरीचं लग्न होऊ दे. मी अजून काय मागितलंय तुझ्याकडं कधी?"

कधीच मागितलं नव्हतं. तू गेल्यावर घर त्याने धरून ठेवलं, माझी खोली ठेवली, पडलेला सिनेमा मस्त झालाय म्हणाला. तेव्हा मी त्याला काढलं. आई, तू कधी बघितलं नाहीस पण माणूस फिल्ममधून काढणं फार सोपं असतं. एक बटण. अवघड असतं ते नंतरचं. मी त्याचं बोलणं काढलं, तर जोडीदाराच्या बायकोचं बोलणं कशाबद्दल आहे तेच कळेना. ती म्हणते, ह्यांची चूक नव्हती, आणि पुढे कुणीच काही बोलत नाही. मी तिथे नदी टाकून बघितली, कंपनीची भिंत, शाळेत जाणारी पोरं. दिवसचे दिवस बसले. कुठला तुकडा कुठे ठेवायचा ते बघायला त्याचं मूळ बोलणं पुन्हा पुन्हा लावावं लागायचं. पुन्हा मागे, पुन्हा पुढे. एका दुपारी वहिनी चहा घेऊन आली आणि पडद्यावर नवरा रडताना बघून कप तिथेच ठेवून निघून गेली. त्या वेळी मला तुझी पर्स आठवली, मांडीवर दोन्ही हातांनी धरलेली. किती वेळा रडवशील, तू विचारलं होतंस, आणि मी त्याला पुन्हा मागे घेतलं.

महोत्सवाने नवा कट बघून नम्रपणे नाही म्हटलं. मी फिल्म बाजूला ठेवणार होते, पण जोडीदाराची बायको थांबेना. आठवड्याला फोन. "ताई, झालं का? कधी दाखवणार?" मी कोलाडला जाऊन तिला म्हटलं, भावाचं थोडं कमी केलंय. एवढंच म्हणता आलं मला. ती म्हणाली, "थोडं चालंल. आपल्याला मतलबाचं पायजे." आणि मला वालाचं बिरडं वाढलं. रोह्यात कुणी हॉल देईना. कारण कुणी सांगितलं नाही, विचारायची गरजही नव्हती. शेवटी पेणला एका वाचनालयाच्या वरच्या मजल्यावर रविवारी सकाळी दाखवायचं ठरलं. प्लॅस्टिकच्या खुर्च्या, पांढरी चादर, खिडक्यांना बेडशीट. ती बाई दोन्ही पोरांना घेऊन पुढच्या रांगेत बसली. भावाला मी येऊ नको म्हटलं होतं. तो आला आणि वहिनीबरोबर शेवटच्या रांगेत बसला.

फिल्म संपली. लोकांनी टाळ्या वाजवल्या, मयताच्या घरी जसं पाणी देतात तसं काहीतरी द्यावं म्हणून. ती बाई उठून माझ्याकडे वळली. आवाज चढवला नाही तिने.

"ताई, भावोजी बोलले व्हते ते कुठं गेलं?"

मी म्हटलं, "ते जरा लांबत होतं."

इतकी वर्षं मी दिग्दर्शकांना, नटांना, निर्मात्यांना हेच वाक्य सांगत आले. लांबत होतं. आमच्या धंद्यात ते पुरतं. तिला ते पुरलं नाही. ती म्हणाली, "लांबत व्हतं?" आणि पोरांकडे बघितलं. मोठा मुलगा बुटांकडे बघत होता.

तेव्हा मागून खुर्ची सरकली. तुझा मुलगा उभा होता. वहिनीने त्याचा शर्ट धरला होता, तो त्याने हळूच सोडवून घेतला. "वहिनी, मी बोललो व्हतो," तो जोडीदाराच्या बायकोला म्हणाला. "मीच बोललो काढ. ताईची चूक नाय." मग तो सगळं बोलला, व्हॉल्व्ह, साहेब, ऑर्डर, शिफ्ट. माझ्या कॅमेऱ्यासमोर रडला होता, इथे रडला नाही. पाढे म्हणावेत तसं एकामागून एक बोलला आणि शेवटी त्या दोन पोरांना म्हणाला, "तुमच्या बापानं काय उडवला नाय. त्यानं दोन वेळा सांगितलं व्हतं बंद करा म्हणून. शाळेत सांगा." मग खाली बसला आणि पाणी मागितलं. तीन-चार जणांचे मोबाईल वर होते.

सोमवारी पहिल्या शिफ्टला गेटवर त्याचं कार्ड लागलं नाही. सिक्युरिटीवाला ओळखीचा, त्याने खाली मान घालून सांगितलं की साहेबांना भेटा. साहेब भेटले नाहीत, अजून भेटलेले नाहीत. मुलाकडच्या त्या पाहुण्यांनी, थोडं थांबू या, म्हणून निरोप पाठवला. वहिनी माझ्याशी कामापुरतं बोलते. एकदाच म्हणाली, "तुम्ही तुमच्या मुंबईत असतात तर बरं झालं असतं." ती चुकीचं बोलली असं मला वाटत नाही. ती कोलाडची बाई दोनदा येऊन गेली, वकिलाला घेऊन. हा त्यांच्यासमोर सही करतो आणि ते गेले की पायरीवर बसतो. शिफ्टच्या वेळा अंगात मुरल्यात. भोंगा झाला की उठून उभा राहतो, मग पुन्हा बसतो. मी त्याला बघते आणि मला काही सुचत नाही, आई. सिनेमा असता तर मी इथून पुढे काहीतरी जोडून दिलं असतं.

हे पत्र कुठे टाकायचं नाहीये, म्हणून शेवटचंही लिहून टाकते. काल दुपारी मी भाकरी भाजत होते. तो आत आला, पाणी प्यायला, आणि माझ्या पाठीमागे उभा राहून म्हणाला, "ताई, आता टाक मला परत फिल्ममधी. आता काय राह्यलंय?" त्याचा आवाज फार थकलेला होता. मी बरं म्हटलं आणि भाकरी उलटली. डोळ्यांसमोर फिल्मचा तो पहिला कट पुन्हा लागला होता, त्याच्यासकट. त्याला माझा चेहरा दिसला नाही. आई, मी हसत होते.